गोठलेला हापूस

गोठवलेल्या आंब्याचा जॅम म्हटलं की आमच्या हुबळीच्या देशपांडे नगरात अजून नाकं मुरडली जातात. धारवाडी हापूस मेमध्ये एकदम पिकतो. त्याचं जे करायचं ते तेव्हाच, असा दंडक. तो निभावला बायकांनी, रणरणत्या दुपारी चुलीपुढे पळी फिरवत. पेटी पिकली की त्यांच्या दमण्याला किंमत नसे. म्हणून फ्रीझर मला नुसती सोय वाटत नाही. फळ कधी पिकावं हे झाडानं ठरवावं. ते कधी शिजवावं हे घरातल्या माणसाला ठरवता यावं.

शिवाय गोठवण्यानं फळाचं जे बिघडतं, तेच जॅमला हवं असतं. घरच्या फ्रीझरमध्ये फळ हळूहळू गोठतं, आत बर्फाचे मोठे स्फटिक होतात, पेशीभित्तिका फुटतात. अशी फोड नुसती खायला लिबलिबीत. पातेल्यात मात्र तिला लगेच रस सुटतो. फक्त फोडी बाहेर ठेवून सावकाश वितळू देऊ नयेत, कारण तेवढ्या वेळात फळातली विकरं पेक्टिन बिघडवू शकतात, आणि जॅम धरतो तो पेक्टिनमुळे. गोठलेल्याच फोडी साखरेसकट मंद आचेवर चढवाव्यात. पिकल्या हापूसमध्ये पेक्टिन आणि आंबटपणा बेताचाच, कैरीत दोन्ही भरपूर. एप्रिलमध्ये कैरीचा कीस गोठवून ठेवला, तर तो ऑगस्टच्या पातेल्यात पिकल्या आंब्याच्या मदतीला येतो.

आणि हे खास हुबळीकरांसाठी. जॅम १०५ अंश सेल्सियसला उतरवा, असं पुस्तकं सांगतात ती समुद्रकाठच्या हिशेबानं. आपण सुमारे साडेसहाशे मीटर उंचीवर. इथं पाणीच ९८ अंशांच्या आसपास उकळतं. जॅम त्याच्या पाचेक अंश वर तयार होतो, म्हणजे १०३ ला. पुढे रेटला तर चिवट होतो.

साखरेचाही नव्यानं विचार करायला हवा. वर्षभर टिकवायच्या साखरांब्यात ती सढळ हातानं पडे, कारण दाट पाकात जंतूंना वापरायला पाणी उरत नाही. आता राखणीचं काम फ्रीझर करतो. किलोभर फोडींना सहाशे ग्रॅम साखर आणि दोन लिंबं घ्यावीत, जॅम जरा आधीच उतरवावा, फ्रिजमध्ये ठेवून लवकर संपवावा. तो थोडा सैल राहतो. मला तोच आवडतो, हापूसचा वास त्यात जास्त कळतो. बरणी संपली की पुढची पिशवी काढावी, आणि त्या दिवशी ज्याला सवड असेल त्यानं पळी हातात घ्यावी, मग तो घरातला पुरुष का असेना.