बीजक नसलेले धन

गुप्तधनाच्या वेडाला लोभ हे कारण पुरेसे नाही. लोभी माणूस हिशेबाचा पक्का असतो. तोटा दिसला की हात आखडता घेतो. गुप्तधनामागे लागलेला मात्र शेत गहाण टाकूनही खणत राहतो, कारण अपयश त्याच्या हिशेबात बसतच नाही. हंडा लागला नाही तर मुहूर्त टळला, आणलेला माणूस खरा पायाळू नव्हता, राखणदार नाग कोपला, धन जागचे सरकले. रिकामा खड्डाच धन असल्याचा दाखला ठरतो आणि पुढची मागणी वाढते: नारळानंतर कोंबडा, कोंबड्यानंतर बोकड. १९७२ ते १९७४ या काळात परभणी जिल्ह्यातल्या मानवतला ही चढण बायका-मुलींच्या खुनांपर्यंत गेली. २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याला अशा शोधातल्या अघोरी कृत्यांची दखल घ्यावी लागली, ती उगीच नाही.

यावरचा आक्षेप वजनदार आहे: धन सापडतेच ना? सापडते. १९०६ साली नाशिकजवळ जोगलटेंभीला चांदीची सुमारे १३,२५० नाणी निघाली. पण धन असणे वेगळे आणि ते शोधून मिळणे वेगळे. पेढ्या नव्हत्या तेव्हा पैसा पुरून ठेवणे ही रीतच होती. पुरणारा परतला की काढून नेई; जमिनीत राहिले ते बहुधा ज्याचा धनी परतलाच नाही ते. खूण ठाऊक असलेले धन केव्हाच गेले. उरलेल्याचे बीजक कुणापाशी असणार? म्हणून ते मांत्रिकाला नव्हे, नांगराच्या फाळाला लागते.

जोगलटेंभीचे एक नाणे डोळ्यांसमोर आणा. क्षत्रप नहपानाचा मुखवटा, भोवती ग्रीक अक्षरे, आणि त्यावरच ठोकलेली कमानींची टेकडी, म्हणजे गौतमीपुत्र सातकर्णीचा ठसा. नऊ हजारांहून अधिक नाण्यांवर असा दुसरा ठसा आहे, बाकीची तशीच राहिली. नाशिकच्याच पांडवलेण्यांत सातकर्णीच्या आईच्या, गौतमी बलश्रीच्या, लेखात मुलाने क्षहरातांचा, म्हणजे नहपानाच्या घराण्याचा, वंश निर्मूळ केल्याचे कोरले आहे. आईच्या त्या अभिमानाला या नाण्यांनी धातूची साक्ष दिली. ठशाची आणि बिनठशाची नाणी एकत्र सापडली, त्यांचे प्रमाण मोजता आले, म्हणून साठा सातकर्णीच्या विजयानंतर पुरला गेला हे ठरले. ही नाणी रातोरात वाटून सोनाराच्या मुशीत गेली असती, तर चांदी तेवढीच भरली असती आणि हे सारे पुसले गेले असते.

गरिबाने इतिहासासाठी चांदीवर पाणी का सोडावे, हा प्रश्न रास्तच आहे. पण तसे सोडावेही लागत नाही. दहा रुपयांहून अधिक किमतीचे धन सापडले तर जिल्हाधिकाऱ्यांना कळवा, असे १८७८ चा कायदा सांगतो. कुणाचा हक्क सिद्ध झाला नाही आणि वेगळा करार नसेल, तर चारांतले तीन हिस्से ज्याला धन सापडले त्याला, एक जमीनमालकाला. लपवले तर हिस्साही जातो आणि शिक्षाही होते. यातली शिक्षेची धास्ती गावोगाव पोचली, हिश्श्याची गोष्ट पोचली नाही, आणि हा दोष मला खणणाऱ्यापेक्षा राज्यकारभाराचा अधिक वाटतो.

पांडवलेण्यांतच नहपानाच्या जावयाचा, उषवदाताचा लेख आहे. त्याने ३,००० कार्षापण, म्हणजे त्या काळची नाणी, पुरले नाहीत. गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणींकडे, म्हणजे संघांकडे, ठेवले, २,००० महिना शेकडा एक दराने, १,००० पाऊण दराने. पहिल्या रकमेच्या व्याजातून वीस भिक्षूंना वस्त्रासाठी प्रत्येकी बारा कार्षापण मिळत. पैसा कुठे ठेवला, किती ठेवला, कशासाठी ठेवला, हे सारे उघड्या भिंतीवर कोरलेले आहे.