शिळा पाव

शिळा पाव दूध, साखर व अंडें यांत भिजवून तुपावर परतला, कीं त्याचा फ्रेंच टोस्ट होतो. फ्रेंच लोक त्यास 'वाया गेलेला पाव' म्हणतात. १९४७ नंतर कल्याणच्या लष्करी छावणींत, म्हणजे आजच्या उल्हासनगरांत, घरदार गमावून आलेलीं सिंधी कुटुंबें तोच पाव हिरव्या मसाल्यांत शिजवून 'सेयल डबल' करीत आलीं आहेत. शेजारच्या अंबरनाथ-बदलापुरांतील आपली फोडणीची पोळी त्याच कुळांतली. स्वतःसाठीं शिळें अन्न आपण अशा निगुतीनें नवें करतों. मोलकरणीस देतांना मात्र तोच पाव कोरडाच तिच्या पदरांत पडतो, आणि त्यास आपण दान म्हणतों! मला तर हा टाकून देण्याचाच एक सभ्य प्रकार वाटतो. कोणी म्हणेल, तिला तसा चालतो. चालत असेलही, पण तिला विचारलें कोणीं?