मुदतीचा ताप

काढ्याचा विषय निघाला, की भली भली माणसं हळवी होतात. गवती चहा, आलं, चार मिरे, तुळशीची पानं आणि वर कपाळावर आजीचा हात! यातला गुण नेमका कशाचा, हे कोणी तपासलं नाही. सर्दी आठवड्यात जायची. गोळी घेऊनही ती आठवड्यातच जाते. (आजीचा हात मात्र केमिस्टकडे मिळत नाही, हे कबूल.)

पण टायफॉइडला आजी ‘मुदतीचा ताप’ म्हणायची. आमच्या बँकेत मुदत भरली की व्याज मिळतं. या तापाची मुदत तीन-चार आठवड्यांची, आणि ती भरेपर्यंत खातेदार शिल्लक राहील याची हमी कोणी देत नसे. लंघन करायचं, मिठाच्या पाण्याच्या घड्या ठेवायच्या, बाकी देवावर सोडायचं. जे वाचले त्यांनी काढ्याचे गोडवे गायले. जे गेले त्यांची खाती बंद. ते कुठल्या काउंटरवर तक्रार करणार? म्हणून ‘पूर्वी कुठे होती हो ही औषधं?’ असं कोणी म्हणालं, की मला त्या बंद खात्यांचं लेजर उघडावंसं वाटतं.

१९४७ साली क्लोरॅम्फेनिकॉल सापडलं आणि पुढच्याच वर्षी ते या तापावर लागू पडतं असं दिसलं. चार-पाच दिवसांत ताप उतरू लागला. मुदतीआधी मोडून दंड नाही, असा व्यवहार मी उभ्या नोकरीत पाहिलेला नाही!

दंड होता, उशिरा लागला. १९७२ साली मेक्सिकोत आणि आपल्या केरळात कालिकतला या तापाचे असे जंतू निघाले, की ते या औषधाला दादच देईनात. अपुऱ्या पेनिसिलिनने जंतू निर्ढावतील, हे फ्लेमिंगसाहेबांनी १९४५च्या नोबेल भाषणातच बजावलं होतं.

खरी पंचाईत इथे आहे. काढा हे ज्याचं त्याचं खातं. तो मोरीत ओतला तरी शेजाऱ्याचं काही बिघडत नसे. अँटिबायोटिक हे साऱ्या गावाचं जॉइंट खातं. सर्दीवर त्याचा काडीचा उपयोग नाही. तरी कोणी ‘जरा स्ट्राँग द्या’ म्हणून गोळ्या आणतो, दोन खातो, उरलेल्या पुढच्या सर्दीसाठी फ्रीजवर जपून ठेवतो. पैसे निघतात ते कुठल्या तरी अनोळखी पोराच्या नावचे, आणि त्याची सही कोणी घेतलेली नसते. बँकेत असं केलं तर नोकरी जाते. औषधाच्या दुकानात मात्र विचारतात, ‘साहेब, आणखी एक पट्टी देऊ का?’