पापाचे वाटेकरी

मराठी माणसाच्या लेखी पानिपत हे केवळ गावाचे नाव उरलेले नाही. ते एक सामान्यनाम झाले आहे. १४ जानेवारी १७६१ रोजी तेथे जे घडले त्याने आपल्या भाषेला सर्वनाशाचा एक शब्द दिला आणि त्याच्याबरोबर एक न संपणारा वादही दिला. दोष कोणाचा? रणात पडलेल्या भाऊसाहेबांचा, रणातून निघून गेलेल्यांचा, की शेकडो कोस दूर असलेल्या नानासाहेब पेशव्यांचा? त्र्यं. शं. शेजवलकरांसारख्या इतिहासकारांनी या प्रश्नाची पुन्हा पुन्हा छाननी केली. उत्तरे निरनिराळी आली. परंतु नानासाहेब प्रत्यक्ष रणावर नव्हते एवढ्यासाठी त्यांना या चर्चेतून कोणी वगळले नाही. अनुपस्थिती म्हणजे निर्दोषत्व नव्हे, हे आपल्या इतिहासबुद्धीने निदान येथे तरी गृहीत धरले आहे.

आजचे पानिपत हे घोंगड्यांचे, गालिच्यांचे आणि रंगाऱ्यांचे शहर आहे. परदेशातून आलेले जुने लोकरी कपडे फाडून, पिंजून त्यांचे पुन्हा सूत काढणारे कारखाने येथे आहेत. सूत व कापड रंगवणारे कारखाने आहेत. आणि त्यांचे रंगीत पाणी नाल्यांतून यमुनेकडे जाते. याच यमुनेचे पाणी पुढे वझिराबादला दिल्ली पिण्यासाठी उचलते. हे पाणी दूषित झाले तर दोष कोणाचा, हा जुनाच प्रश्न येथे नव्या वेषात उभा राहतो. झडप उघडणारा कामगार डोळ्यांना दिसतो. झडप उघडावी लागेल अशी व्यवस्था ज्यांनी ठरवली, ते दिसत नाहीत.

भाषेचा अभ्यासक म्हणून मला येथे एक व्याकरणिक गोष्ट खुणावते. अशा प्रसंगी कंपन्यांची निवेदने बहुधा कर्मणी प्रयोगात किंवा करणाऱ्याला झाकणाऱ्या अकर्मक रचनेत असतात. पाणी ‘सोडले गेले’, त्रुटी ‘राहून गेल्या’, नियमांचे पालन ‘होऊ शकले नाही’. क्रिया असते. करणारा तेवढा नसतो. कंपनी ही कायद्याने निर्माण केलेली व्यक्ती. तिला कोठडीत ठेवता येईल असा देह नाही आणि पश्चात्ताप होईल असे अंतःकरण नाही. तेव्हा शिक्षा द्यायची कोणाला? १९७४ च्या जलप्रदूषण कायद्याने या कर्तृहीन वाक्यात कर्ता भरण्याचा प्रयत्न केला. अपराधाच्या वेळी कंपनीचा कारभार ज्याच्या हाती होता आणि त्याबद्दल जो कंपनीला जबाबदार होता, तो अपराधी मानला जाईल, असे त्याच्या ४७ व्या कलमाने म्हटले. अपराध आपल्या नकळत घडला, किंवा तो टाळण्यासाठी आपण सर्व दक्षता घेतली होती, हे सिद्ध करण्याची मुभा त्याला ठेवली. शिवाय एखाद्या संचालकाची संमती, संगनमत किंवा हयगय दिसून आली, तर तोही अपराधी ठरेल अशी तरतूद केली.

कर्त्याचे नाव शोधणे किती अवघड असते, हे दिल्लीजवळच्याच मोदीनगरच्या एका खटल्यात दिसले. मद्यार्क कारखान्याच्या सांडपाण्याबद्दल उत्तर प्रदेशाच्या प्रदूषण मंडळाने संचालकांविरुद्ध फिर्याद केली. पण तीत मूळ कंपनीऐवजी तिच्या कारखान्याचे नाव पडले. उच्च न्यायालयाने फिर्याद रद्द केली. १९८७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मात्र ही चूक सहज दुरुस्त होण्याजोगी मानली आणि खटल्याची वाट मोकळी केली. नावातल्या चुकीच्या आडोशाने जबाबदारीने निसटू नये, हा त्यातला अर्थ.

याच्या विरुद्ध बाजूला एक गंभीर आक्षेप आहे आणि तो टाळून चालणार नाही. दुसऱ्याच्या कृत्याबद्दल एखाद्याला तुरुंगात धाडणे न्याय्य कसे? केवळ खुर्ची हा अपराध होऊ शकत नाही. कायद्यात तशी स्पष्ट तरतूद नसेल, तर संचालकाचा प्रत्यक्ष सहभाग आणि दोषी हेतू दाखवल्यावाचून त्याला आरोपी करता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये सुनील भारती मित्तल प्रकरणात म्हटले. हे योग्यच आहे. वर्षातून चार बैठकांना येणारा, तेथे खरोखर प्रश्न विचारणारा आणि नोंदवहीत आपला विरोध लिहून ठेवणारा संचालक तुरुंगात गेला, तर तो न्याय नव्हे, बळी होय.

येथे वाल्या कोळ्याची कथा आठवते. लुटीवर पोसलेल्या बायकामुलांना त्याने विचारले की, माझ्या पापाचे वाटेकरी व्हाल का? त्यांनी नकार दिला. आपण ती कथा कुटुंबाच्या कृतघ्नतेची म्हणून सांगतो. पण त्यांचे उत्तर नैतिकदृष्ट्या चुकीचे नव्हते. वाट त्यांनी अडवली नव्हती, अडवायला सांगितलेही नव्हते. कंपनीचे सामान्य भागधारक या कुटुंबासारखे आहेत. संचालक तसे नाहीत. कोणत्या वाटेवर बसायचे, सांडपाण्यावर किती खर्च करायचा, कोणता अहवाल मागवायचा आणि कोणता मागवायचा नाही, हे ते ठरवतात. म्हणून त्यांच्यावर येणारा दोष उसना नसतो. कामगाराचे कृत्य कामगाराचे. न पाहण्याचे कृत्य संचालकाचे स्वतःचे. ‘मला ठाऊक नव्हते’ हे वाक्य बचाव केव्हा होते आणि कबुली केव्हा होते, एवढाच खरा प्रश्न आहे. जे जाणणे कर्तव्य होते ते न जाणण्याची ज्याने व्यवस्था केली, त्याचे अज्ञान हीच त्याची कृती.

भोपाळने या प्रश्नाची किंमत दाखवली. २ आणि ३ डिसेंबर १९८४ च्या मधल्या रात्री वायू सुटला आणि हजारो माणसे मेली. १९९६ मध्ये आरोप सदोष मनुष्यवधावरून निष्काळजीपणावर उतरला. ७ जून २०१० रोजी, साडेपंचवीस वर्षांनी, कंपनीच्या अध्यक्षांसह सात भारतीय अधिकाऱ्यांना दोन वर्षांची शिक्षा झाली. तो दोष निष्काळजीपणाचा होता, हे कायद्याचे मोजमाप. मृतांच्या आप्तांना ते अपुरे वाटले यात नवल नाही.

आता वारा दुसऱ्या दिशेने वाहतो आहे. २०२३ च्या जनविश्वास कायद्याने पर्यावरण कायद्यातील कारावासाची जागा मुख्यतः आर्थिक दंडाला दिली. क्षुल्लक चुकीसाठी तुरुंगाची भीती नको, हा विचार समजण्याजोगा आहे. पण दंड कंपनी भरते आणि दंडाची रक्कम खर्चाच्या रकान्यात बसते. पानिपतच्याच तेलशुद्धीकरण कारखान्याला राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने २०१९ मध्ये १७.३१ कोटी रुपयांची अंतरिम भरपाई भरायला सांगितली. कारखाना सार्वजनिक क्षेत्रातला. म्हणजे ती रक्कम अखेरीस कोणाच्या खिशातली? शिक्षेला किंमत म्हणता आले की तिच्यातली निंदा निघून जाते. उरतो तो व्यवहार.

पानिपताची वार्ता पेशव्यांना सावकारी भाषेत कळली, असे परंपरा सांगते. त्या निरोपात आधी मोत्यांचा हिशेब होता, मग मोहरांचा; रुपये आणि खुर्दा किती गेला, त्याची मोजदाद नव्हती. त्या हिशेबात खुर्दा बेनाव राहिला, हे आपल्याला आज खुपते. पण त्यात एक प्रामाणिकपणाही होता. बुडीत खात्याची सुरुवात मोत्यांपासून झाली होती. आजच्या वहीत नफ्याच्या पानावर मोती अग्रभागी असतात आणि दोषाच्या पानावर खुर्दा तेवढा मोजला जातो. मोत्यांना विनाकारण चिरडावे, असे कोणी म्हणणार नाही. दोन्ही पाने एकाच क्रमाने लिहिली जावीत, एवढीच अपेक्षा आहे.