आधी वाटणी, मग त्याग

लोणावळ्याजवळ कुरवंड्याच्या डोंगरात इंद्रायणी उगम पावते आणि मावळातून वाहत देहू-आळंदीस जाते. तिच्याच काठी एका गावी सप्ताहात माझे कीर्तन होते. निरूपणाला विषय घेतला होता त्यागाचा. भरताने हातचे राज्य नाकारल्याचा दृष्टांत रंगला, मंडळींनी डोळे पुसले. कीर्तन आटोपल्यावर एक वयस्क बाई पाया पडली नि हळूच म्हणाली, "महाराज, भाऊ परवा हक्कसोडपत्रावर सही मागायला येणार आहेत. आज तुम्ही सांगितलंत, ते माझ्यासाठीच होतं का?"

मला उत्तर सुचेना. वाचकहो, का सुचेना ते आधी सांगून टाकतो. १९९८ साली वडील वारले, तेव्हा मीही बहिणीची अशीच सही घेतली होती. साडीचोळी केली, पुरणपोळीचे जेवण घातले आणि दुय्यम निबंधकाच्या कचेरीत नेले. ती एक शब्द बोलली नाही. ते मौन मी प्रेम समजलो.

आज मावळात घराघरांत हा प्रश्न आहे. २००२ साली द्रुतगती मार्ग पुरा झाला, बंगले उठले, आणि ज्या भातखाचराला कोणी विचारीत नव्हते त्याचा भाव गुंठ्यावर होऊ लागला. वारसनोंदीवर हरकती येतात, फेरफार अडतात, वडगावच्या कोर्टात वाटपाचे दावे पडतात. प्राथमिक हुकूमनामा झाला तरी शेतजमिनीचे सरस-निरस पाहून प्रत्यक्ष वाटप महसूल खात्याकडून व्हायचे असते. एक पिढी तारखांत जाते. गळ्यात माळ असलेले दोघे भाऊ कोर्टाच्या आवारात एकमेकांकडे पाठ करून बसतात. मग लोक म्हणतात, "वारकऱ्याला कशाला हवी वाटणी? सोडून द्यावी!"

पण सोडायचे कोणी? नीट पाहा, हा उपदेश बहुधा बहिणीलाच होतो. भावाला कोणी म्हणत नाही, बाबा, तू तुझा हिस्सा सोड.

शास्त्राचे नाव घ्यावे, तर शास्त्रही इतके सोयीचे नाही. याज्ञवल्क्यस्मृतीवर मिताक्षरा लिहिणाऱ्या विज्ञानेश्वराने अविवाहित बहिणीचा चतुर्थांश केवळ लग्नखर्चापुरता न मानता खरा अंश मानला. मनूने व्यवहाराची जी अठरा पदे सांगितली, त्यांत दायविभाग आहे, तसाच अस्वामिविक्रयही आहे, म्हणजे आपले नाही ते विकणे. बहिणीला न कळवता तिच्या हिश्श्यासकट जमीन विकणारा भाऊ या दोन पदांच्या मध्येच कुठेतरी उभा असतो. पुढे १९५६ चा वारसा कायदा आला. १९९४ साली महाराष्ट्राने त्यानंतर लग्न होणाऱ्या मुलींना एकत्र कुटुंबात जन्मसिद्ध हक्क दिला, आणि ९ सप्टेंबर २००५ पासून तो देशभर सर्वच मुलींना मिळाला. त्या दिवशी वडील हयात असण्याची गरज नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी स्पष्ट केले. त्यामुळे बहिणीचा हिस्सा ही आज भावाची मेहेरबानी राहिलेली नाही.

आता तुकोबारायांकडे पाहू. वडिलोपार्जित सावकारीची खते इंद्रायणीत सोडल्याची कथा आपण भक्तिभावाने सांगतो. पण त्यातला क्रम आपण विसरतो. चरित्रकार सांगतात की आधी धाकटे बंधू कान्होबा यांचा अर्धा वाटा त्यांच्या हाती दिला आणि मग आपला अर्धा डोहात सोडला. महाराजांना सगळीच खते बुडवून मोठे वैरागी म्हणवून घेता आले नसते का? पण भावाचे बुडविणे हा त्याग झाला नसता. त्याग आपल्याच वस्तूचा होतो, आणि आपले किती हे वाटणीशिवाय कळत नाही. दुसऱ्याकडून करविलेल्या त्यागाला शहाण्या माणसाने दुसरेच नाव द्यावे.

भाऊ म्हणेल, "चिखलणी-आवणी मी केली, सोसायटीचं कर्ज मी फेडलं, आईबापाचं आजारपण मी काढलं." हे खरे आहे, आणि त्याचा हिशेब झालाच पाहिजे. बहिणीनेही तो मानावा. पण तो समोरासमोर मांडावा, साडीच्या घडीत लपवू नये. शिवाय खाचर जेव्हा बंगल्यासाठी विकले जाते, तेव्हा वाढलेला भाव घामाचा नसतो, रस्त्याचा असतो. त्यात दोघांचाही घाम नाही, मग एकाचाच हक्क कसा?

कोर्टात जाणे हे पाप आहे का? माझ्या मते नाही. खोटी साक्ष देणे, वारसांतून नाव गाळणे, हे पाप. मात्र घरच्या ओसरीवर जो सातबारा उघडून दाखवितो, त्याच्या बहिणीला कोर्टाची पायरी चढावी लागत नाही.

त्या बाईला मी म्हणालो, "माय, आजचे कीर्तन तुझ्यासाठी नव्हते. आधी आपला भाग किती ते विचार. मग ठेव नाहीतर दे. न विचारता सही मात्र देऊ नकोस."

दुसऱ्या दिवशी बहिणीकडे गेलो. तुझा भाग तुझ्या नावे करून देतो, म्हणालो. ती बराच वेळ तांदूळ निवडीत राहिली. मग म्हणाली, "दादा, तेव्हा विचारलं असतंस, तर मी आनंदानं दिलंच असतं रे."

कागद करायला दिले आहेत. तिला देता आले असते ते दान मात्र मी हिरावून घेतले. ते कोणत्या कागदाने परत करावे?

रामकृष्णहरि.