खटला न भरणारा दिग्दर्शक

सर्वोत्तम चित्रपटांची यादी निघाली की मागोमाग एक ठरलेले मतही येते: सत्तेशी भांडला तो दिग्दर्शक मोठा, बाकीचे करमणूकवाले. क्रोएशियात या मताचा मार क्रेशो गोलिकला बसतो. 1999 मध्ये तिथल्या समीक्षकांनी त्याच्या ‘ट्को प्येवा, झ्लो ने मिस्ली’ला (गाणाऱ्याच्या मनात पाप नसते, अशा अर्थाची ही म्हण) आजवरचा सर्वोत्तम क्रोएशियन चित्रपट ठरवले. 2020 च्या कौलात निकोला तानहोफरचा ‘हा-ओसाम’ पुढे गेला. क्रमांकांशी मला देणेघेणे नाही. त्यांच्या आडून जे सुचवले जाते, त्याच्याशी आहे.

सुचवले जाते ते असे. मकावयेव, झिलनिक यांच्यासारखे युगोस्लाव दिग्दर्शक व्यवस्थेला अंगावर घेत असताना, 1970 मध्ये गोलिक ‘ट्को प्येवा’ करून 1935 च्या झाग्रेबमध्ये जाऊन लपला. एकदा पोळलेला माणूस, दुसरे काय करणार? महायुद्धाच्या काळात उस्ताशांच्या, म्हणजे क्रोएशियन फॅसिस्टांच्या, वर्तमानपत्रात त्याने लिहिले होते. ते पुढे उघडकीस आले आणि त्याच्यावर बंदी आली. 1958 नंतर त्याचा कथापट आला तो थेट 1968 मध्ये. तो डाग खरा आहे, आणि बंदी भोगल्याने तो निघत नाही. पण त्या डागातून भित्रेपणाचा सिद्धान्त काढायचा तर मधले एक साल पुसावे लागते.

ते साल 1966. त्या वर्षी गोलिकने ‘ओद ३ दो २२’ हा छोटा माहितीपट केला. कापडगिरणीतली एक कामगार बाई पहाटे तीनला उठते, घरचे उरकते, लांबच्या कामावर जाते, परतते, पुन्हा घरच्या कामाला जुंपून घेते आणि रात्री दहाला आडवी होते. निवेदन नाही, घोषणा नाही. कामगारांचे स्वयंव्यवस्थापन आणि स्त्रीमुक्ती ही ज्या राज्याची मिरवायची भूषणे, त्या राज्यातला हा एक दिवस. लपणारा माणूस इथे कॅमेरा लावत नाही. शिवाय 1968 चा ‘इमाम २ मामे इ २ ताते’ हाही त्याच्या वर्तमानातलाच: घटस्फोटानंतर नव्याने जुळलेली दोन घरे, आणि ती सांगणारे एक मूल.

आता गाजलेला चित्रपट. व्येकोस्लाव मायेरच्या कथेवरून घेतलेली ही लहान पेरित्साची डायरी. सहलीत भेटलेला छानछोकी फुलिर आईभोवती पिंगा घालतो, आईलाही ते आवडते, बिनलग्नाची मावशी आशेला लागते, आणि वडील ग्लासातून वेळेवर डोके वर काढत नाहीत. पोरगा सारे नोंदवतो, निवाडा करत नाही. याला गतकाळाचे गोडवे म्हणणाऱ्यांनी त्या घरातल्या बाईचा कंटाळा पाहिलेलाच नाही. त्यांच्याशी वाद काय घालायचा.

माझा मुद्दा एवढाच आहे की दोष न दिसणे वेगळे आणि दोष दिसूनही खटला न भरणे वेगळे. पहिले करमणूकवाल्याचे लक्षण. दुसऱ्यासाठी नजर असावी लागते, आणि ती गोलिककडे होती. (स्वतः आरोपी झालेला म्हणून इतरांना सोडतो, ही जुळवणी मोहक आहे. मला ती फार सोपी वाटते.) गिरणीतल्या बाईकडे पाहणारी नजर आणि पेरित्साच्या आईकडे पाहणारी नजर एकच आहे. पहिलीकडे पाहून आपण गप्प होतो, दुसरीकडे पाहून हसतो, म्हणून दुसरी हलकी ठरत नाही. आरोपपत्र वाचून दाखवणारा सिनेमा त्या आरोपीबरोबर म्हातारा होतो. युगोस्लाव राज्य गेले. त्याच्यावर रोखलेले कितीतरी चित्रपट आता तळटीपांशिवाय कळत नाहीत. सगळे नव्हेत, हे मान्य, मकावयेव उरतोच. पण तो भांडला म्हणून उरत नाही.

गोलिक 1996 मध्ये वारला. त्याला पाहायचे असेल तर आधी ‘ओद ३ दो २२’ पाहा, पेरित्साची डायरी नंतर. क्रम उलटा केलात तर त्याच्यावरचा आक्षेप तुम्हालाही पटेल.