खोट्या जगातली साथ

२००५च्या सप्टेंबरमध्ये अ‍ॅझरॉथमध्ये साथ आली. अ‍ॅझरॉथ नकाशावर शोधू नका. 'वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट' या ऑनलाइन गेममधलं ते जग. तिथे ऑर्क राहतात, जादूगार राहतात, आणि मेलेला माणूस थोड्या वेळाने उठून पुन्हा कामाला लागतो. जगभरातले लाखो लोक दर महिन्याला पैसे भरून तिथे जायचे.

१३ सप्टेंबरला या जगात झुल'गुरुब नावाचं नवं ठिकाण उघडलं. जंगलातलं पडकं शहर, आणि आत हक्कार नावाचा रक्ताला चटावलेला देव. वीस जणांनी मिळून त्याला मारायचं. लढताना हक्कार एक शाप टाकायचा, 'करप्टेड ब्लड', म्हणजे नासलेलं रक्त. शाप लागला की जीव झपाट्याने कमी व्हायचा, आणि जवळ कोणी उभं असेल तर त्यालाही लागण व्हायची. मुरलेले खेळाडू तो सोसायचे. नवख्याचा जीव मात्र क्षणात जायचा. अर्थात नवखे तिथे जाणारच नव्हते आणि शाप तिथून बाहेर येणारच नव्हता. निदान बनवणाऱ्यांचा तसा हिशेब होता.

हिशेब चुकला तो पाळीव प्राण्यांपाशी. शिकारी खेळाडूंकडे लांडगे-अस्वलं असायची. लढाईच्या मध्येच प्राण्याला परत पाठवलं, की त्याच्या अंगातला शाप तसाच गोठून राहायचा. मग शहरात भर चौकात त्याला बोलावलं की शाप पुन्हा चालू. त्यात शहरातले दुकानदार आणि पहारेकरी कॉम्प्युटरने चालवलेले. त्यांना लागण व्हायची, पण ते मरायचे नाहीत. जो सौदा करायला येईल त्याला प्रसाद देत राहायचे. ऑर्ग्रिमार, आयर्नफोर्ज या मोठ्या शहरांत रस्तोरस्ती सांगाडे पडले. कंपनीने लोकांना वेगळं ठेवायचा प्रयत्न केला, तो फसला. शेवटी सर्व्हर रीसेट करावे लागले आणि प्राण्यांना हा शाप लागूच नये अशी दुरुस्ती करावी लागली.

मी हे सगळं पहिल्यांदा वाचलं २०२०च्या लॉकडाऊनमध्ये, तेव्हा ही जुनी गोष्ट पुन्हा वर आली होती. एरिक लॉफग्रेन आणि नीना फेफरमन या अभ्यासकांनी २००७मध्येच तिच्यावर 'द लॅन्सेट इन्फेक्शस डिसीझेस'मध्ये लेख लिहिला होता. त्यांना रस होता तो माणसांच्या वागण्यात. काही खेळाडू शहर सोडून पळाले. काही नुसते बघायला आले, आणि बघून परत जाताना शाप सोबत घेऊन गेले. (२०२०मध्ये आमच्या गल्लीच्या तोंडाशी बांबू लावले, तेव्हा बांबू बघायला मीही गेलो होतो.) ज्यांना जखमा बऱ्या करायची विद्या येत होती, ते अनोळखी लोकांना वाचवत चौकात उभे राहिले. आणि काहींनी मुद्दाम लागण करून घेतली, गर्दीत गेले आणि ती वाटली.

या शेवटच्या लोकांनी काही वाईट केलं का?

सोपं उत्तर आहे, नाही. कोणी मेलं नाही. मेलेल्याचं भूत स्मशानातून चालत आपल्या देहापाशी जायचं आणि उठायचं. बुद्धिबळात मी तुमचा वजीर मारला तर पोलीस येत नाहीत. यावर कोणी म्हणेल, बुद्धिबळाला आपण दोघंही कबूल होऊन बसतो. शहरात मासे विकायला आलेला नवखा या खेळाला कुठे बसला होता? मुद्दा बरोबर आहे, पण पुरेसा नाही. कबूल न केलेल्या गोष्टी होतात म्हणूनच तर असं जग जिवंत वाटतं. ते दिवस धमाल होते, असं सांगणारेही आहेतच.

नुसत्या परिणामांवर बोट ठेवलं तर आणखी पंचाईत होते. त्या दोघांच्या लेखात असंही आहे, की बरं करणाऱ्यांमुळे साथ कदाचित जास्त लांबली. त्यांनी वाचवलेला रोगी मरण्याऐवजी चालत राहिला आणि पुढे लागण देत राहिला. आणि स्वतःला लागण झालेली असताना ते मदतीला दुसरीकडे धावले. म्हणजे मोजणी केली तर जीव वाचवणारा आणि रोग वाटणारा एकाच ओळीत उभे. मला त्यांना एका ओळीत उभं करता येत नाही.

'गेमच तर आहे' हे वाटणाऱ्याचं म्हणणं एकदा तपासून बघा. समजा, त्या चौकात सगळे कॉम्प्युटरनेच चालवलेले असते. एकही खरा माणूस नाही. त्याने किती वेळ रोग वाटला असता? पाच मिनिटं, फार तर दहा. मग कंटाळला असता. त्याला मजा येत होती ती पलीकडे कोणीतरी खरोखर चिडत होतं, हताश होत होतं म्हणून. बाकी सगळं जग खोटं आहे हे त्यालाही ठाऊक होतं, पण ही एक गोष्ट खरी असल्याशिवाय त्याची गंमत उभीच राहत नव्हती. बरं करणाऱ्यालाही पलीकडे खरं माणूसच दिसत होतं. दोघांना तेच दिसलं, आणि एकाला त्यातून खेळणं मिळालं.

हे मी इतकं ठासून म्हणतोय, कारण मीही ते केलंय. दहावीच्या सुट्टीत मी कॅफेत जाऊन एक फुकटातला ऑनलाइन गेम खेळायचो. त्यात एक युक्ती होती. मोठे राक्षस मागे लावून घ्यायचे, पळत गावाच्या वेशीपर्यंत आणायचे आणि आपण आत सटकायचं. बाहेर उभे असलेले नवखे मरायचे. मेलं की कमावलेल्यातलं थोडं जायचं. मग मी थांबून चॅट वाचायचो. शिव्या यायच्या. त्या वाचण्यासाठीच तर सगळा खटाटोप.

एकदा एका मुलाला मी लागोपाठ तिसऱ्यांदा मारलं. मुलगाच असावा. त्याने शिवी दिली नाही. हिंदीत लिहिलं, भाई, मेरे पास एक ही घंटा है.

मीही तासाला वीस रुपये मोजून बसलो होतो. भिंतीवर घड्याळ होतं आणि कॅफेवाला पाच मिनिटं आधी हाक मारायचा. त्यामुळे तो कुठे बसलाय, खिशात काय आहे, घरी काय सांगून आलाय, सगळं मला कळलं. राक्षस अजून माझ्या मागे होते. त्यांना नदीकडे वळवता आलं असतं. मी तो मेसेज शेजारच्या खुर्चीवरच्या मित्राला दाखवला, आम्ही दोघंही हसलो आणि मी वेशीकडे पळालो.